हरीशभाऊंची गूजबेरी

हॅलो?… सुधा? अगं सकाळपासून तुला फोन लावतेय, कुठे होतीस?… हो, हो, बरे आहोत सगळे. यूनुस हॉस्पिटलात ड्यूटीवर गेलेत, माझा आज ऑफ… अगं ऐक ना. हरीशभाऊ आहेत घरी?… पडलेत? या वेळी?… बरं, आधी तूच ऐक.

कुठून म्हणजे? ताइफहून, आपल्या अंगणातून. तुमच्या त्या गूजबेरीसमोर खुर्ची टाकून बसलेय… मस्करी नाही गं. समोर कादिर उभा आहे, हातात पहार. झाड उपटायला आलाय… हो, आत्ता. घरमालकाने धाडलाय. अबू फहदच्या मुलाला बँकेत नोकरी लागली, नोकरीमागून गाडी आली, आता गाडीला सावली पाहिजे. इथे सिमेंट घालून शेड टाकायचीय… हो ना. सौदायझेशनमध्ये, सौदी पोरांना नोकऱ्या द्यायच्या म्हणून, आधी हरीशभाऊंची खुर्ची गेली, आता झाडाची जागा.

काय?… हरीशभाऊंनीच सांगितलं? अबू फहदला?… "फळत नाही, काढून टाका"… या अल्लाह. आणि तू ऐकत बसलीस… तरीच हा कादिर मघापासून म्हणतोय, साहब ने बोला है. एक मिनिट हं… कादिरभाई, पहले चाय पी लो. मुन्नी, अंकल को बिस्किट दो… हां, बोल.

अगं पण तेच सांगायला मी फोन करत होते. फळलंय ते… गूजबेरी गं, दुसरं काय. फळं धरलीत… खोटं कशाला बोलू? सकाळी मुन्नीचा बॉल आत गेला, काढायला हात घातला, तर पानांखाली ओळीने लटकलेली. हिरवीगार, अंगावर उभ्या रेघा… खाल्ली ना एक. दात आंबले. कच्चं करवंद खाल्ल्यासारखं… हो, काटे तेवढेच आहेत. मनगट कसं ओरबाडलंय बघ… तू कशी बघणार म्हणा.

कसं फळलं?… सांगते, पण रागावू नकोस. मी फारसं काही केलंच नाही… तेच तर. भाऊ पडले निफाडचे. एप्रिल आला की खरड छाटणी, ऑक्टोबर आला की गोडी छाटणी, द्राक्षाची सगळी हौस त्या बिचाऱ्या झुडपावर. ती आयरिश डॉक्टरबाई नोकरी सोडून जाताना रोप देऊन गेली, तेव्हा काय म्हणाली होती? पानं झडली की भर थंडीत एकदाच, मधल्या गुंतलेल्या फांद्या काढा, आत हात जाईल एवढी वाट करा. बाकीच्या राहू द्या, फळ त्यांच्यावरच येतं… आणि भाऊ काय म्हणाले? द्राक्षाच्या गावच्या माणसाला छाटणी शिकवता… हसतेस काय? मीही तेव्हा हसलेच होते. तुम्ही अल खर्जला गेलात, ऑक्टोबर तसाच गेला, मग जानेवारीत हातमोजे घालून मी मधल्या चार-दोन फांद्या काढल्या. झालं.

सांगू नको म्हणतेस त्यांना?… हं… अजून तसेच का?… जेवायला बोलावलं की येतात, जेवतात, परत खिडकीशी… अगं डेअरीतलं हिशेबाचं काम काही वाईट नाही… कळतं गं. ज्या सौदी पोराला हाताला धरून शिकवलं त्याच्याच हाती कपाटाच्या किल्ल्या देऊन ताइफ सोडायचं… लागणारच मनाला. मलाही रोज वाटतं, उद्या माझा नंबर. पण माणूस असा गप्प झाला की घरातल्यांनी काय करायचं… रडू नकोस. सुधा, रडू नकोस ना.

थांब, फाटक वाजलं… अहलन, अबू फहद. शूफ, इकडे बघा, पानांखाली… सुधा, आलेत. वाकून बघतायत… एक तोडली… तोंडात टाकली… आंबटाने डोळे गच्च मिटले गं म्हाताऱ्याने… दुसरी तोडली. थांब, काहीतरी म्हणतायत… फळाला आलेल्या झाडावर पहार चालवायची नाही म्हणतात… हो गं, हो. पण… पण झाड हरीशचं. काढा म्हणून त्याने सांगितलं, ठेवा म्हणूनही त्यानेच सांगायचं. माझा शब्द चालत नाही म्हणे.

तेव्हा दे आता फोन त्यांना… ताइफचा फोन घेत नाहीत म्हणजे?… सांग, सफूरा खुर्चीवरून उठणार नाही आणि इकडे कादिरचा चहा संपलाय… मी थांबते.

…भाऊ? सलाम, हरीशभाऊ. हो, मीच… हो, आली फळं… मुन्नीची शपथ… छाटणी ना… आता काय सांगू… भाऊ, केलीच नाही. म्हणजे तुमच्यासारखी नाही केली. डॉक्टरबाई म्हणाली होती तशी, थंडीत एकदा…

काय म्हणालात?… "मी गेलो म्हणून फळलं"?… नाही हो, भाऊ. तुम्ही गेलात म्हणून नाही. तुमची कात्री थांबली म्हणून. लावलं तुम्ही. उन्हाळ्यात गोणपाट बांधून सावली केली तुम्ही. ड्यूटीवरून आलात की आधी त्याला पाणी, मग स्वतःला चहा. मी आपली आयत्या झाडासमोर खुर्ची टाकून बसलेय… भाऊ?… हे काय, हसताय? सुधा, तिथेच आहेस का गं, हे हसतायत ना?… हसा, हसा. किती महिन्यांनी ऐकतेय. इथे कादिरही हसतोय, त्याला एक अक्षर कळलेलं नाही तरी.

घ्या, अबू फहदशी बोला… तफद्दल, हरीश आहे…

…हॅलो? हं, मीच. काय सांगितलंत हो त्यांना? खिशात मूठभर फळं भरून चालले… गाडी पलीकडच्या भिंतीला लावतो म्हणाले. खलास, विषय मिटला.

ईदला येताय?… या ना, सुधालाही आणा. तोवर पिकली तर मुरंबा घालू… अल खर्जला फांदी? नको हो, तिथल्या उन्हात जळेल. त्याला ताइफसारखी थंडी लागते. ते राहू दे इथेच, तुम्ही येत जा… ऑक्टोबरातही? बघायला ना फक्त?… हलकीशी? हलकीशी म्हणजे?… वरवरची गोडी छाटणी?… भाऊ, मी फोन ठेवतेय… नाही, ठेवतेच… कादिरभाई, रुको. वो दीवार पे कैंची टँगी है ना, वो भी ले जाओ. हाँ, तुमको दे दी. यल्ला, चलो.