कंप्यूटरचा दसरा

आमच्या दत्ताचं तोंड त्या दिवशी तुमी बघायला पायजे हुतं! माजलगावात कंप्यूटरचा क्लास चालवतो ना, त्योच. पोरांसाठी पुस्तक लिहीत हुता: कंप्यूटरात फाईली कशा ठिवाव्या, म्हंजी पायजे तवा सापडत्यात.

घटस्थापनेच्या आदल्या दिवशी मी दिंद्रुडला त्याच्या घरी गेलतो. वहिनींनी दसरा काढलेला. गोधड्या धुऊन दोरीवर, भांडी अंगणात, सगळं घर चकाचक. मला पुस्तक दाखवावं म्हणून दत्तानं कंप्यूटर लावला, तर एक फाईल न्हाई!

"आगं, हितलं पुस्तक?"

"कंप्यूटरचाबी दसरा काढला की," वहिनी म्हणल्या. त्याच्याच क्लासात शिकल्यात त्या. "धडा नवा, धडा शेवटचा, धडा पक्का शेवटचा... एकाच चिंधीचे किती गठुडे! दिले काढून."

"रिसायकल बिनमदी तरी आसंल!"

"ती तर रिकामी केली. सणाला घरात कचरा ठिवत्यात व्हय?"

माझ्या हातातला चहा हातातच राहिला. दत्ता म्हणला, "आगं, काढायच्या आधी इचारायचं तरी!"

"कावून इचारायचं? पयल्याच पानावर तुमीच लिवलं हुतं, हरेक फाईलीची दुसरी प्रत दुसरीकडं ठिवल्याबिगर उठू नका म्हणून." वहिनींनी पदराला हात पुसले. "मग ठिवलीच आसंल की तुमी!"

दत्ता माझ्याकडं बघाया लागला, अन् मी कपात.