चुकीच्या पायरीवरचं बालपण

तुम्ही माझ्या सोलापूरच्या माहितीपटाचं एवढं कौतुक करताय, म्हणून खरं काय झालं ते सांगून टाकतो. लहानपणी आम्ही जिथे भाड्याने राहायचो, त्या घरापाशी मी शूटिंग लावलं होतं. विषय होता स्मृती आणि जागा. दोन दिवस दारातल्या पायरीवर बसून मी बोलत होतो. "इथेच बसून मी मागांचा खडखडाट ऐकायचो," असं म्हणताना दर वेळी मला रडू यायचं.

परवानगी घरातल्या मुलाने दिली होती. त्याची आई, लक्ष्मीबाई, लेकीकडे मैंदर्गीला गेली होती. ती तिसऱ्या दिवशी परतली आणि माझं बोलणं ऐकत उभी राहिली.

"तू मास्तरांचा धाकटा न्हवं?"

"हो, मावशी."

"मग हितं कशाला रडतोस? तुमी मागच्या गल्लीत ऱ्हात होता की."

कॅमेरामनने कॅमेरा बंद केला. आम्ही सगळे मागच्या गल्लीत गेलो. आमच्या घराच्या जागी मोबाईलचं दुकान होतं आणि समोर मोटारसायकलींची रांग. मी पाच मिनिटं तिथे उभा राहिलो, पण मला काहीच वाटेना.

"सर, इथे लावू का?" कॅमेरामनने विचारलं.

"नको," मी म्हटलं. "मावशींकडे उजेड चांगला आहे."

परत गेलो, तर मावशी दारातच बादली घेऊन उभी होती.

"आलास व्हय? बरं, लवकर रडून घे. मला पायरी धुवायची हाय."