किंग कुंडलिकचं अकरावं गाणं

—नाय नाय, उठू नका, कॅसेट कुठं पळून जातेय? आबांच्या ट्रंकेत आहे, ट्रंक खाटेखाली आहे, नि खाटेवर आमचा अनिकेत झोपलाय. आत्ता ट्रंक ओढली की तो उठणार, नि तो उठला की तुमी काय बोललात ते मला नि मी काय बोलले ते तुमाला ऐकू येणार नाय. चहा घ्या तुमी. गोड झाला? मला वाटलंच. घाबरले की माझा हात सैल सुटतो साखरेवर—नाय, म्हणजे घाबरायचं काय त्यात, तुमी काय पोलीस आहात? कॅसेट कंपनीचे माणूस, कल्याणहून दोन जीपा बदलून आलात, ते पण आमच्या सासऱ्यांनी, आबांनीच पत्र टाकून बोलावलं म्हणून. दिवाळीत टाकलं होतं ओ ते पत्र. तुमचं उत्तर आलं मार्चात, नि तुमी आलात एप्रिलात. इतक्या महिन्यांत घरात काय काय होऊन जातं—असंच म्हणते मी, आपलं सहज.

आबा येतीलच. नाक्यावर मटण आणायला गेलेत. तुमाला फाटकात बघितलं नि थैली घेऊन निघालेच, धड 'बसा' पण बोलले नाय, मला पण जरा नवलच वाटलं. एरवी पाहुणा आला की त्याला आधी ती कॅसेट दाखवतात. दाखवतात म्हणजे नुसती दाखवतात—रुमालातनं काढायची, फुंकर मारायची, परत रुमालात. वाजवायची नाय. वाजवली की घासते, म्हणतात. गॅसवाल्याला दाखवली, पोलिओचे डोस द्यायला बाई आल्या होत्या त्यांना दाखवली. त्या बिचाऱ्या हात जोडून गेल्या, त्यांना वाटलं काही पवित्र असेल.

आता तुमाला मी काय किंग कुंडलिकची ओळख सांगू! पंचवीस वर्षं गातोय माणूस. 'मुरबाड-शहापूरचा पॉप किंग', पांढरा सूट, काळा गॉगल—मांडवात रात्री काळा गॉगल! माझ्या हळदीला त्याचीच पार्टी होती, तर त्या गॉगलपायी नवरीचा हार माझ्या चुलत सासूबाईंच्या गळ्यात घातला नि वर त्यांनाच लाजू नको म्हणून गाणं म्हटलं. पण गाणी—गाणी मात्र खरी ओ त्याची. 'जीपवाल्या जरा हळू' लागलं की आमची म्हैस पण कान हलवते. तर तुमी आता त्याची सगळी गाजलेली गाणी एका कॅसेटमधे काढताय, दहा मिळाली, नि अकरावं 'कंदील विझला गो', ते काही कुठं मिळेना. मिळेल कसं? ते स्टुडिओत कधी भरलंच नाय. म्हसा गावच्या जत्रेत शहाऐंशी साली एकदाच म्हटलं, दुसऱ्या दिवशी किंगचं नि ढोलकीवाल्याचं भांडण झालं नि पार्टी फुटली. त्या पार्टीत आमचे आबा बेंजोवर. कुणाचा तरी टेप मागून आणून स्टेजखाली ठेवला होता, त्याच्यात आलं ते गाणं. जगात एकच. आणि गाण्याच्या आधी किंग माईकवर म्हणतो—'बेंजोवर आपला सोमा!' त्याच्यानंतर आबांचं नाव माईकवर कुणी घेतलं नाय. मतदार यादीत घेतात, पण त्याला माईक नसतो.

आणि तुमी पत्रात लिहिलंत—गाणं चांगलं निघालं तर कव्हरच्या आत छापू, 'बेंजो : सोमा'. ते पत्र मीच वाचून दाखवलं आबांना. सात वेळा. आबा खाली मान घालून ऐकायचे, 'बरंय' म्हणायचे नि उठून म्हशीकडं जायचे. मला वाटायचं, आनंद पोटात मावत नसेल.

नाय, कॅसेट देतेच. देणारच ना. फक्त एक सांगते—ती जरा… थोडीशी… चुकून… पुसली गेलीय. सगळी नाय! सुरुवातीची चार मिनिटं. कपाळाला हात लावू नका असा, आधी ऐका तरी. आणि ट्रंकेत नाय ती, डाळीच्या डब्यात आहे, सकाळीच काढून ठेवली होती—थांबा, देते. ही घ्या. पुसा जरा, तूरडाळ आहे.

तर झालं काय, जानेवारीत अनिकेतला खोकला झाला. दुपारचा झोपेतनं उठला की खोकायचा, असा खोकायचा की मला वाटायचं, आता संपलं सगळं. जीप करून कल्याणला न्यायचं, नंबर लावायचा, नि डॉक्टरांसमोर बसलं की हा हसतो! खोकला नाय, शिंक नाय, काही नाय. डॉक्टरांचा पेन मागतो. तीन वेळा असं झालं. तिसऱ्यांदा डॉक्टर म्हणाले, 'बाई, खोकला आहे कुठं?' आता मी बी.ए. झालेली, मानसशास्त्र घेऊन. मला तोंड वर करून बघवेना. येताना जीपमधे रडले, नि हा लगेच खोकला—मुरबाडच्या अलीकडं, वळणावर. मग मी विचार केला, शिकलेल्या बाईसारखा शास्त्रीय विचार केला, की खोकला डॉक्टरांकडं येत नाय तर आपण तो भरून न्यावा. घरात कॅसेटी चार. एक बुद्धवंदनेची, तिच्यावर पोराचा खोकला भरणार कसं? एक माझ्या लग्नाची. एक अनिकेतच्या पप्पांच्या सिनेमाच्या गाण्यांची, ती ते रोज आंघोळ करताना लावतात. उरली कुठली? जी कधीच कोणी वाजवत नाय ती. हा माझा बी.ए.चा विचार.

काय बघताय निरखून? नाय ते… ते काही नाय. कागद आहे. आहे आपला कागदाचा बोळा—कशाला काढताय? बरं बरं, तुमी धंद्यातली माणसं, तुमाला कळणारच. कॅसेटच्या पाठीवरची पट्टी मोडलेली होती. आबांनी त्याच जत्रेत स्क्रू-ड्रायव्हरनं मोडून टाकली होती, परत कोणी काही भरू नये म्हणून. आणि पट्टी मोडलेली असली की टेपचं भरायचं बटण दाबलं जात नाय, हे मला माहीत होतं, नि भोकात बोळा कोंबला की दाबलं जातं, हे पण माहीत होतं. म्हणजे चुकून नाय. झालं समाधान? चुकून काय बोळा कोंबतं कोणी! डॉक्टरांच्याच चिठ्ठीचा आहे तो, उलगडून वाचत बसू नका, त्यांचं अक्षर त्यांना पण लागत नाय. तुमाला मुलं आहेत? मग बायकोला विचारा घरी गेल्यावर. पोर खोकत असताना जत्रा आठवत नाय कोणाला, किंग आठवत नाय, सासरे आठवत नाय. मागनं आठवतं सगळं. मागनं तर असं आठवतं की जेवण जात नाय.

लावू? टेप आहे ना, हा काय फळीवर. हळू लावते, तो उठेल. पुढचं गाणं शाबूत असणार बघा, मी खोकल्यापुढं कधी ऐकलंच नाय, धीरच झाला नाय. तुमी पुढचं तेवढं घ्या. नि आबांचं नाव छापा, किंगनं माईकवर घेतलेलं गेलं म्हणून काय झालं, नाव काय पुसलं जातं का?

ऐका. ही गर्दी जत्रेची. ही शिट्टी. हा किंग—'मंडळी…'—नि खट्. हे खट् म्हणजे मी. 'खोक रे माझ्या सोन्या, खोक, डॉक्टरांना ऐकवायचंय'—हसू नका. हा खोकला? हा माझा. त्याला दाखवत होते कसं खोकायचं ते. हा पण माझा. हा पण. डॉक्टर पण हे ऐकून म्हणाले, 'बाई, औषध तुमालाच देतो.' थांबा, हा—हा त्याचा! ऐकलात? एकच आला पण कसा खरखरीत आला! एवढ्या एकासाठी चार मिनिटं गेली माझी. किंगची. आबांची. आता संपतंय बघा. आता गाणं येईल.

आलं. हे… हा आवाज कोणाचा? 'हॅलो, हॅलो, माईक टेस्टिंग.' हा किंग नाय. मागनं भांडी कोणाची वाजतायत? जत्रेत भांडी कुठनं? ही शिट्टी तर कुकरची आहे. माझ्या कुकरची, ती अशीच रडत वाजते. थांबा ना, बोलू नका—आबा आहेत ओ हे! 'मंडळी, आपल्यासमोर सादर करतोय, कंदील विझला गो… बेंजोवर आपला…' थांबले. बघा, थांबलेच. स्वतःचं नाव स्वतः माईकवर कसं घ्यायचं माणसानं? किंग घेत होता, तो आता ह्या कॅसेटवर नाय. नि हा—ऐकलात?—'आबा!' अनिकेत म्हणाला. बेंजोवर आपला… आबा. तो 'आबा' म्हणायला लागला होळीनंतर, त्याच्या आधी सगळ्यांना 'म्मा' म्हणायचा, म्हशीला पण. होळीनंतर. म्हणजे तुमचं पत्र आल्यावर.

म्हणजे माहीत होतं त्यांना. कॅसेट काढून ऐकली असणार, खोकला ऐकला असणार, माझं 'खोक रे' ऐकलं असणार, नि एक शब्द बोलले नाय मला. खोकला तसाच ठेवला नि मी भांडी घासत असताना खाली बसून पुढं आख्खं गाणं स्वतः भरलं. काय गातायत, ऐका तरी! सूर म्हशीच्या पाठीवरनं घसरल्यासारखा. 'गो'वर तर श्वासच संपला. बेंजो मात्र… हो ना? बेंजो तोच आहे. अरे देवा, पण आबा, पुढचं शाबूत होतं ओ! चार मिनिटंच गेली होती, उरलेला किंग तुमी स्वतः पुसलात! मला झाकायला!

काय म्हणता? ही अशीच घेऊन जाता? किंगला ऐकवाल, तो पोट धरून हसेल? नाय. बंद करा. आधी द्या ती इकडं. म्हणजे काय म्हणजे, नाय देणार. दहा गाणी आहेत ना तुमच्याकडं, दहा पुष्कळ झाली, 'जीपवाल्या जरा हळू' दोनदा घाला, लोक खूश होतील. आबांना मी सांगते, कंपनीला अकरावं मावत नव्हतं म्हणून. ते मानल्यासारखं करतील. मी पण मानल्यासारखं करीन. कोण कुणाला काय विचारतंय मग?

खिडकीतनं बघा, तो आंबा दिसतो? त्याच्याखाली थैली घेऊन कोण उभं आहे? मटण कधीच आणून झालंय. ऊन चढलं तरी तिथंच उभे आहेत, नि तुमी उठल्याशिवाय घरी यायचे नाय ते. तुमच्या तोंडाकडं बघायची हिंमत नाय त्यांची, नि आता त्यांच्याकडं बघायची माझी नाय. तेव्हा उठा दादा. राहिलेला चहा राहू दे, तो तसा पण गोड झालाय. पुढच्या दारानं नको, समोरासमोर याल. मागनं जा, गोठ्यातनं. वाकून जा, वासा खाली आहे. म्हैस मारत नाय, नुसती बघते.