सातवं कडं

— नाही, तुम्ही बोलू नका, मानेनंच सांगा. परका आवाज कानावर पडला की याची छाती अशी धडधडते की हातातच गार पडायचा. माझ्या आवाजाची सवय आहे त्याला, म्हणून मी आपली बडबडत राहते. त्या स्टुलावर बसा साहेब, बेतानं — एक पाय डुगडुगता आहे, स्टुलाचा म्हणते मी. हां. तर हाच तो पानउलट्या, ज्याच्यासाठी तुम्ही सर्वेवाले पहाटेपासून चिखल तुडवत आलात. आहे काय आणि नाही काय, मूठभर जीव! जंगलात खाली ओली पानं उलटत हिंडतो, किडे टिपतो, म्हणून आम्ही पानउलट्या म्हणतो. पुस्तकातलं लांबलचक नाव आमच्या डॉक्टरांना ठाऊक. डॉक्टर म्हणजे माणसांचे नव्हेत, पाखरांचे — आठ वर्षांपूर्वी त्यांचे गुडघे गेले, ते शहरात परतले आणि ही खोली, ही जाळी, तो वजनकाटा, सगळं माझ्या गळ्यात टाकून गेले. हा जगात पाहिलाय किती जणांनी? बोटांवर मोजावेत इतक्यांनी. फोटो दोनच, तेही धुरकट.

आणि तुम्हाला मोजायचंय किती आहेत ते. माहितीये मला. सात निघाले तर रस्ता नदीपलीकडून वळणार, एखादाच निघाला तर इथून, सरळ या खोलीवरून. आमचे हे त्याच रस्त्याच्या कामावर रोलर चालवतात, म्हणजे घरात दोन पक्ष झालेत बघा, जेवताना कुणी विषय काढत नाही. वही ती तुमच्यासमोर आहे — सात पक्षी, सात आकडे, प्रत्येकाच्या पायात त्या आकड्याचं कडं. याच्या पायात सातवं. आता फोटोत आकडा यायला हवा ना, मग मी याला असा उजेडाकडे — थांबा. थांबा जरा. पाय बघू दे.

सुजलाय हो. जाळ्यातून काढताना माझं लक्ष कुठं होतं? कडं मांसात रुतलंय. फोटो राहू दे, इकडे या आधी — हे आत्ता निघालं नाही तर दुपारपर्यंत पंजा काळा पडेल. एरवी मी एकटीच करते, पण आज सूज आहे. हे दोन दोरे बघा, कड्याच्या आतून ओवते — ओवले — हा माझ्याकडे, तो तुमच्याकडे. विरुद्ध बाजूला ओढायचं, झटका द्यायचा नाही, कड्याला जोड असतो, तो आपोआप उमलतो. माझ्या बोटाला चावतोय ना, चावू दे, चावतोय तोवर काळजी नाही. ओढा. हळू. अजून थोडं. दर वेळी इथंच अडतं, तिसऱ्या वेळेला तर —

असं काय बघताय? कसली दर वेळ? बरोबर आहे तुमचं. कडं एकदा घातलं की काढायचं नसतं, पक्षी मरेपर्यंत नसतं, या कामातला कुणीही सांगेल. दोरा सोडू नका साहेब. नजर दोऱ्यावर ठेवा, मी सांगते.

हा एकच आहे. सातही हाच. पहिलं कडं मी रीतसर घातलं. पुढच्या वर्षी जाळ्यात पुन्हा हाच, आणि ही खोली चालवणाऱ्या संस्थेचा कागद आलेला — नवे पक्षी सापडत नसतील तर काम बंद. मी म्हटलं, एकदाच. जुनं काढलं, नवं घातलं, वहीत दुसरा पक्षी लिहिला. एकदाच, एकदाच करत सात झाले. मोजमाप दर वेळी थोडं बदलून लिहायचे, कुणाला संशय नको म्हणून. हा वेडा दर वर्षी त्याच वाटेनं येतो, त्याच जाळ्यात पडतो. पहाटे हाका मारत होता ना, वाटेत ऐकल्यात तुम्ही — तोच. आधी समोरून कुणीतरी उत्तर द्यायचं. चार वर्षं झाली, कुणी देत नाही. मी रोज कान देऊन बसते, येईल एखादी हाक, मग माझं खोटं निदान अर्धं तरी खरं होईल — ओढा, ओढा, फट पडली — सोडा आता.

निघालं. बोटं हलव रे राजा. हलव ना. हललं, एक हललं, बघितलंत? दुसरंही. जीव भांड्यात पडला माझा.

माझ्या कड्यांच्या डबीतून काय काढताय? आठवं? नाही, कळलं मला, चांगल्या मनानंच करताय तुम्ही. फोटोत कडं दिसलं, वहीत आठ आले की रस्ता तिकडे वळेल, आणि इथं काय झालं ते आपल्या दोघांत राहील. दुसऱ्या पायात? तो पाय बघा — तिथंही वळ आहेत, तीन कडी त्या पायात घातली होती मी. आणखी एक घातलं तर हा पायही जाईल, आणि जमिनीवर हिंडणाऱ्या पाखराचे पाय गेले की राहिलं काय? आठ वर्षं मी याला वाचवते म्हणत होते साहेब, आणि वाचवत होते ती ही खोली. रस्ता आला तर याला इथून जावं लागेल. मग दोन्ही पायांवर जाऊ दे. ठेवा ते डबीत.

सरका थोडे, खिडकी उघडते.

... गेला. लंगडतोय, पण गेला.

वही द्या इकडे. सातवर काट मारते, तुम्ही तुमच्या कागदावर एक लिहा. अक्षरीपण लिहा, नाहीतर पुन्हा कुणाला तरी माझ्यासारखी बुद्धी व्हायची. आमच्या ह्यांना मीच सांगीन, वाटेत भेटले तरी तुम्ही काही बोलू नका. सही कुठं करायची तेवढं बोटानं दाखवा, आणि निघा.