माफी मागणारं मत

आजच्या समारंभाच्या अध्यक्ष पास्टर मॅरिट, व्यासपीठावरचे सन्माननीय पाहुणे, सत्कारमूर्ती आमदार व्हर्नाबाई टॉलेफ्सन, आणि चर्चच्या या तळघरात कॉफीचा दुसरा कप हातात धरून बसलेल्या माझ्या मतदार बंधुभगिनींनो,

व्हर्नाबाईंच्या निरोपाला त्यांच्याविरुद्ध सगळ्यात जास्त वेळा पडलेल्या हार्लन क्विस्टलाच बोलायला उभं करायचं, ही कल्पना कोणाची? पण बरोबरच आहे म्हणा. त्यांना माझ्याइतकं जवळून पाहिलंय कोणी?

आपल्या मतदारसंघाचा इतिहास काय सांगावा! आधी डेअरीचे मालक निवडून यायचे, मग त्यांचे जावई, मग ट्रॅक्टर विकणारे. मग शाळेची बस चालवणारी एक बाई, याच आपल्या व्हर्नाबाई, उभी राहिली, तेव्हा आम्ही हसलो. मतमोजणीनंतर हसू आवरलं. एक रीत मात्र पहिल्यापासून चालत आलीय. हरलेल्याने जिंकलेल्याला जानेवारीत आपल्या गाडीतून राजधानीत, सेंट पॉलला, विधानसभेत सोडायचं. पहिल्या आमदाराकडे गाडी नव्हती आणि हरलेला गाड्या विकायचा, म्हणून पडलेली ही रीत. मी इतक्या वेळा गेलोय, की वाटेतला पेट्रोल पंपवाला मला व्हर्नाबाईंचा ड्रायव्हरच समजतो.

एकदाच उलटं झालं. फेरमोजणीत आमची मतं समसमान झाली आणि एकच मतपत्रिका वादात राहिली. माझ्या नावापुढचा गोल नीट काळा केलेला, आणि व्हर्नाबाईंच्या नावाशेजारी पेनने लिहिलेलं, 'माफ कर, व्हर्ना.' आता सांगा, असली चूक आपल्याशिवाय कोण करील? मत विरोधात द्यायचं, आणि वाईट वाटू नये म्हणून वर दोन शब्द!

त्यांचे वकील राजधानीहून आलेले. ते उसळून म्हणाले, "मतपत्रिकेवर काही खरडलं की मत बाद! मग चिठ्ठ्या टाकतील. बाई, तुम्हाला अजून संधी आहे."

व्हर्नाबाई त्या कागदाकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "माफी मागतोय म्हणजे मत हार्लनलाच दिलंय ना? मोजा."

"अहो, घरी बसावं लागेल!"

"बसेन. मोजा म्हटलं ना."

मी एका मताने आमदार झालो. जानेवारीत रीतीप्रमाणे त्या मला सोडायला निघाल्या. बर्फातून गाडी चालली होती. न राहवून मी विचारलं, "व्हर्ना, का केलंस असं?"

"अक्षर ओळखलं मी. ऑरिनचं आहे."

म्हणजे त्यांचा नवरा!

"तोंडाने कधी बोलायचा नाही तो. हिवाळाभर मी तिकडे, आणि हा इथे एकटा, शिळं गरम करून खातोय. जन्मात एकदा काही मागितलंन, ते मी बाद करू?"

पुढच्या निवडणुकीत त्यांनी मला धूळ चारली. त्यांच्या प्रचाराच्या पाट्या रस्त्यारस्त्यावर ठोकत कोण फिरत होतं? ऑरिन! जाताना माझ्या दारातही एक ठोकून गेला.

ही गोष्ट मी आजवर पोटात ठेवली. सकाळी व्हर्नाबाईंना विचारलं, "सांगू का?" म्हणाल्या, "सांग. तो लाल होईल, पण सांग." तो बघा, झाला लाल! ऑरिन, मान वर कर. या वेळी तिला कुणी पाडलेलं नाही. ती आपण होऊन घरी येतेय.

अध्यक्षांचे आणि सकाळपासून स्वयंपाकात राबणाऱ्या भगिनींचे मनापासून आभार. बोलण्यात काही कमी-जास्त झालं असेल, तर माफ करा. आपल्या मतदारसंघात माफीसुद्धा मोजली जाते, ते आता तुम्हाला ठाऊक आहेच.