पाथर्डीच्या गाडीतली जागा

"पोरगी गुनाची हाय, पण तोंडात जीभ हाय का न्हाई देवाला ठावं," असं सासूबाई वन्संना सांगत होत्या. मी मागेच उभी आहे, हे त्यांना माहीत नव्हतं. लग्नाला महिनाही झाला नव्हता. आम्ही तिघी नागापूरहून शहर बसने नगरच्या स्टँडवर उतरलो होतो आणि पुढे राजूरची एसटी धरायची होती.

गाडी लागली तशी झुंबड उडाली. "दारामागच्या खिडकीतून रुमाल टाक गं!" सासूबाई ओरडल्या. जागा धरायला रुमाल मी जन्मात टाकला नव्हता. धक्काबुक्कीत समोर आली त्या खिडकीत टाकून मोकळी झाले.

आत चढलो तर दारामागच्या जागेवर एक म्हातारे बाबा.

"उठा बाबा. आमच्या सुनेनं रुमाल टाकलाय हितं."

"हितं कायबी नव्हतं, बाई."

"मंग खिशात घातला व्हय? ह्या वयात शोभतं का?"

सगळी गाडी वळून बघू लागली. बाबा काठी टेकत उठले. सासूबाईंनी मला दंडाला धरून तिथं बसवलं. बाबांकडे बघवेना, म्हणून खिडकीबाहेर बघितलं.

शेजारी पाथर्डीची गाडी उभी होती. आत माणसं खेटून उभी, पण दारामागची जागा रिकामी, कारण तिच्यावर माझा गुलाबी रुमाल होता. तेवढ्यात ती गाडी हलली.

मी उठले आणि सासूबाईंकडे वळले.

"आत्याबाई, बाबांना बसू द्या. आपला रुमाल पाथर्डीला निघालाय."