वर धरलेली मूठ

राक्षसाच्या सिनेमाचा खेळ सुटला. मघाशी ज्याच्यावर बॅटरी मारून "खाली बसा!" म्हणून डोअरकीपर खेकसला होता, तोच माणूस बायकोसोबत पायरीवर टेकला होता. डोअरकीपर दाराशीच रेंगाळला.

"अहो, सगळं थिएटर ओरडत होतं. मूठ वर करून उभे काय राहिलात?"

"त्या धुडाचा पाय इमारतीवर पडला आणि आवाजच बंद झाला. नुसती धूळ. हात आपोआप वर गेला गं."

"ते बचावपथकाचं ढिगाऱ्यावरचं काम इथे नका आणू."

"मूठ खाली येईपर्यंत सगळी मशिनं बंद, सगळे चिडीचूप. खालून कुणी ठोकतंय का, ते ऐकायचं."

"माहितेय. पण केवढं होतं ते! गुडघ्याच्या वर दिसतच नव्हतं, सगळं धुक्यात."

"मी वर पाहिलंच नाही."

"आणि ऐकू काय येणार होतं तिथे?"

"काही नाही."

"त्या कोसळलेल्या शाळेच्या ढिगाऱ्यातूनही काही ऐकू येत नव्हतं, तुम्हीच म्हणालात ना?"

"येत होतं. अगदी बारीक. साहेब म्हणाले, भास आहे, मशिनं लावा. मूठ मीच खाली घेतली."

"म्हणून आज सगळे ओरडले तरी मूठ वरच?"

"आज काही ती खाली घेववेना."